पोतदार, पोतनीस आणि पोते



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ ही व्याख्यानमाला चालते, त्यांच्याच हाताखाली मी या शाळेत मराठी शिकलो. पुढे आयुष्यभर मराठीचे अध्यापन केले, प्रबंध लिहिला, निवृत्तही झालो. पण आज जो विषय मी आपल्यापुढे मांडणार आहे, तो विद्यापीठात सुचलेला नाही. तो या इमारतीतील एका वर्गात, मधल्या सुट्टीत झालेल्या एका भांडणातून निघालेला आहे.

आमच्या वर्गाच्या हजेरीपटावर दोन पोतदार होते आणि एक पोद्दार होता. पहिला पोतदार देशस्थ ब्राह्मणाच्या घरचा; शिंद्यांच्या लष्कराबरोबर आपले पूर्वज माळव्यात आले, असे त्याचे वडील सांगत. दुसऱ्याच्या घरी सोनारकीचा व्यवसाय होता आणि सराफ्यात त्यांची लहानशी पेढी होती. पोद्दार हा दौलतगंजातील एका मारवाडी धान्यव्यापाऱ्याचा मुलगा. मराठी मुलांत बसून तो आमच्याहून चांगले मराठी बोलू लागला होता. एके दिवशी पहिल्याने दुसऱ्याला ऐकवले, "खरे पोतदार आम्ही. तुम्ही सोनार. तुमचे आडनाव उचललेले आहे." दुसऱ्याने उत्तर दिले नाही, हात उगारला. पोद्दार मध्ये पडला तर दोघांनी मिळून त्यालाच सांगितले, की तुझे तर आडनावच अशुद्ध आहे.

पुढचा तास गुरुजींचा होता. त्यांनी कोणालाही शिक्षा केली नाही. फळ्यावर 'पोतदार' असा शब्द लिहिला आणि विचारले, "हा शब्द कोठून आला?" मागच्या बाकावरून कोणीतरी म्हणाले, "पोते अधिक दार. ज्याच्याकडे पोती असतात तो." वर्ग हसला. गुरुजी मात्र हसले नाहीत. ते म्हणाले, "अर्धे बरोबर आहे. उरलेले अर्धे शोधा. तुमच्याकडे पुष्कळ वेळ आहे." मला साठ वर्षे लागली. आज त्या अर्ध्याचा हिशेब द्यावा, एवढाच या व्याख्यानाचा हेतू.

प्रथम शब्दाची शेपटी पाहू. फार्सीत 'दाश्तन्' म्हणजे बाळगणे. त्यावरून 'दार', बाळगणारा. जमीनदार, किल्लेदार, ठाणेदार, मामलेदार ही सारी याच घरातील मंडळी. 'नविश्तन्' म्हणजे लिहिणे. त्यावरून 'नवीस', लिहिणारा, आणि मराठीच्या तोंडी त्याचा झाला 'नीस'. चिटणीस, फडणीस, सबनीस, पारसनीस, वाकनीस हे सगळे लेखणीचे धनी. तेव्हा पोतदार आणि पोतनीस या दोन पदांत फरक आहे तो धारण करणाऱ्याचा आणि लिहिणाऱ्याचा. दोघांचेही डोके मात्र एकच, 'पोत'. भांडण आहे ते या डोक्याशी.

फार्सी-हिंदुस्तानी व्यवहारात 'फोता' म्हणजे थैली. थैलीत पैसे असतात म्हणून फोता म्हणजे खजिना, आणि खजिन्यात वसूल येतो म्हणून फोता म्हणजे सरकारचा वसूलही. हा अर्थविस्तार अगदी स्वाभाविक आहे. मोगल अमलात परगण्याच्या खजिन्यावर जो अधिकारी असे त्याला 'फोतदार' म्हणत. अकबराचा इतिहासकार अबुल फजल याने 'ऐन-इ-अकबरी'त खजिनदाराची कर्तव्ये सांगताना, प्रचलित भाषेत त्याला फोतदार म्हणतात, असे स्पष्ट नमूद केले आहे. 'फ'चा 'प' झाला की तो आपला पोतदार. मराठीने फार्सी 'फ' सर्वत्र टाकला असे नाही, फडणीस आहेच. पण येथे तो गेला, आणि तो का गेला असावा याविषयी माझे एक अनुमान आहे. ते पुढे सांगतो.

अबुल फजलने या फोतदाराला जी ताकीद दिली आहे, ती मुळातूनच वाचण्यासारखी आहे. रयत मोहोर आणो, रुपया आणो, की तांब्याचे दाम आणो, जे आणील ते घ्यावे. अमुकच नाणे हवे असा हट्ट धरू नये. चालू बादशाही नाण्यावर बट्टा मागू नये, वजनात जी तूट असेल तेवढीच घ्यावी. जुन्या राजवटींची नाणी धातूच्या भावाने घ्यावीत. वरवर पाहता हे कोरडे नियम आहेत. पण अशी ताकीद कोणी उगाच लिहून ठेवीत नाही. जेथे ती लिहावी लागली, तेथे फोतदार अडून बसत होता, नाणे उलटसुलट करून पाहत होता आणि शेतकरी समोर हात जोडून उभा होता, हे उघड आहे.

ही अडवणूक समजण्यासाठी जुन्या काळातील नाण्यांची अवस्था ध्यानात घ्यावी लागते. आज शंभराची नोट म्हणजे शंभर रुपये. ती मळली तरी शंभरच. तेव्हा रुपया हा चांदीचा तुकडा होता आणि त्याची किंमत त्यातील चांदीइतकी. टांकसाळी अनेक, प्रत्येकीचा कस निराळा. आपल्या उज्जैनचेच पाहा. मोगल काळात येथे टांकसाळ होती आणि नाण्यांवर या शहराला 'दार-उल्-फत्ह', म्हणजे विजयाचे घर, असे बिरुद असे. शिंद्यांच्या अमलात ही टांकसाळ चालू राहिली, नाण्यावर नाव मात्र दिल्लीच्या शाह आलमचे. बाजारात याखेरीज प्रतापगडची सालिमशाही नाणी फिरत, इंदूरची फिरत, आणि दक्षिणेतून आलेल्या माणसाच्या कमरेला तिकडची नाणी असत. नाणी झिजत, कोणी कडा तासून चांदी काढून घेई, कोणी आत तांबे घालून वर मुलामा देई. समजा, एखाद्या गावाने शंभर रुपये भरले आणि पारख करणाऱ्याने शेकडा दोन बट्टा लावला, तर खजिन्यात जमा झाले अठ्ठ्याण्णव; उरलेले दोन गावाने पुन्हा आणायचे. हे दोन रुपये खरोखर तुटीचे की पारख्याच्या मनातले, हे त्याच्याखेरीज कोणालाच ठाऊक नसे. एका माणसाच्या बोटांवर आणि कानावर इतके अवलंबून होते.

बोटांवर आणि कानावर, हे मी अक्षरशः म्हणतो. नाणे दगडावर टाकून त्याचा नाद ऐकणे, बोटाने कड चाचपणे, कसोटीवर रेघ ओढून तिचा रंग पाहणे, काट्यात घालून वजन करणे, संशय आल्यास छिन्नीने खूण करणे, ही त्याची हत्यारे. पारखून झालेले नाणे थैलीत भरायचे, तोंड बांधून मोहोर करायची. ही थैली म्हणजेच फोता.

मराठ्यांनी ही व्यवस्था उचलली आणि आपल्या पद्धतीने बसवली. शिवकालीन राज्यव्यवस्थेत अठरा कारखाने आणि बारा महाल सांगतात. त्या बारा महालांत 'पोते' हा एक महाल आहे आणि टांकसाळ हा दुसरा. येथे पोते म्हणजे गोणी नव्हे, खजिना. शिवाजीमहाराजांनी अष्टप्रधानांची फार्सी नावे बदलून पेशव्याचा मुख्य प्रधान, मुजुमदाराचा अमात्य, डबिराचा सुमंत केला, 'राज्यव्यवहारकोश' करवून घेतला. तरीही पोतदार आणि पोतनीस लोकव्यवहारात होते तसेच राहिले. दरबारातले नाव हुकुमाने बदलता येते. पैसे मोजण्याच्या ठिकाणचे नाव बदलणे अवघड असते.

पुढे मराठी सरदारांच्या मोठ्या कारभारात आठ दरकदार असत, असे ग्रँट डफ याने १८२६ साली प्रसिद्ध केलेल्या मराठ्यांच्या इतिहासात सांगितले आहे. दिवाण, मुजुमदार, फडणीस, सबनीस, कारखानीस, चिटणीस, जामदार आणि पोतनीस. जामदाराकडे रोकडीखेरीज बाकीची मौल्यवान चीजवस्तू. पोतनिसाकडे रोकड आणि तिचा हिशेब. आठांत पोतनिसाचे नाव शेवटी येते. माझे आजोळ पोतनीसांचे, त्यामुळे हे वाचताना मला थोडे वाईट वाटले होते, हे कबूल करतो. आमच्या आजोळी अशी कथा होती, की मूळपुरुष शिंद्यांची सोन्याची पोती वाहून आणीत आणि त्यांतले एक पोते वाड्याच्या भिंतीत पुरलेले आहे. दोन पिढ्यांनी भिंती ठोकून पाहिल्या. पोतनीस हा लिहिणारा अधिकारी होता, त्याच्या हाताला सोन्याहून शाईच अधिक लागली असणार, हे मी मामांना सांगितले तेव्हा ते काही दिवस माझ्याशी बोलले नाहीत.

या आठांत पोतदार मात्र नाही. तो पोतनिसाच्या शेजारी बसे, पण कामाची जात निराळी. पोतनीस आकडा जाणे, पोतदार नाणे जाणे. पोतनीस म्हणे, शंभर आले. पोतदार म्हणे, शंभरांतले चार खोटे आहेत. खजिन्याचा प्रामाणिकपणा या दोघांच्या परस्परांवरील नजरेवर टिकून असे.

आता मी माझ्या चुकीकडे येतो. तरुणपणी मी मराठी आडनावांवर एक लेख लिहिला होता. त्यात मी मोठ्या ऐटीत विधान केले, की पोतदार हे मूळ सरकारी खजिन्यावरचे पद असून, खेड्यांतील सोनारांनी ते प्रतिष्ठेसाठी पुढे लावून घेतले. पुरावा काहीही नव्हता. वर्गातल्या पहिल्या पोतदाराचेच वाक्य मी अभ्यासकाच्या भाषेत पुन्हा लिहिले होते. लेख छापून आला आणि काही दिवसांनी सराफ्यातला माझा वर्गमित्र घरी आला. रागावला नव्हता. पिशवीतून त्याने एक काळा, गुळगुळीत, मध्ये किंचित झिजून खोलगट झालेला दगड काढला आणि टेबलावर ठेवला. "ही आमच्या पणजोबांची कसोटी," तो म्हणाला. "गोपाळमंदिराजवळच्या आमच्या दुकानात आहे ती. गावी असताना आमच्या घराला वसुलाच्या वेळी चावडीवर बोलावणे यायचे. पाटील-कुलकर्णी बसलेले असायचे, पैसे मात्र आमचा माणूस पाहायचा. त्याचे बलुते होते आम्हाला. आता तू सांग, आम्ही आडनाव कोठून उचलले?"

त्या रात्री मी मोल्सवर्थचा कोश उघडला. खरे तर लेख लिहिण्याआधीच उघडायला हवा होता. १८३१ साली प्रथम निघालेल्या आणि १८५७ साली सुधारून वाढवलेल्या या कोशात 'पोतदार' या एकाच नोंदीत दोन्ही अर्थ आहेत: खजिन्यात येणाऱ्या नाण्याची पारख करणारा सरकारी अधिकारी, आणि गावचा सोनार. खरे आणि उचललेले असा भेद कोशकाराला ठाऊक नाही. त्याला असता कामा नये, कारण काम एकच होते. गावचा वसूल चावडीवर पारखला जाई, परगण्याचा कचेरीत, सरदाराचा वाड्यात. चावडीवर ते काम ज्याला धातू कळतो तो करणार, म्हणजे सोनार. बलुतेदारांच्या याद्या प्रांतोप्रांती वेगळ्या आहेत. त्यांतील काहींत सोनाराचे नाव न येता पोतदार असेच येते. वरच्या कचेऱ्यांत हे पद वतनाने वा नेमणुकीने ब्राह्मण घराण्यांकडेही गेले. महामहोपाध्याय दत्तो वामन पोतदार (१८९०–१९७९) यांच्यासारखा इतिहासाचा पारखी या आडनावाने महाराष्ट्राला दिला. एकाच पदाच्या या दोन पायऱ्या आहेत, आणि दगड ठेवलेला आहे तो खालच्या पायरीवर. पुढे मी त्या लेखाची दुरुस्ती छापण्यास पाठवली. लेखाला जेवढी जागा मिळाली होती त्याच्या विसाव्या हिश्शात ती छापली गेली.

तिसऱ्या मुलाचे काय? त्याचे 'पोद्दार' अशुद्ध मुळीच नव्हते. फोतदारातला 'त' पुढच्या 'द'मध्ये मिसळला की पोद्दार होतो, आणि राजस्थानापासून बंगालपर्यंत हेच रूप रूढ आहे. गीताप्रेसचे हनुमानप्रसाद पोद्दार (१८९२–१९७१) आपल्यापैकी अनेकांच्या घरातील पुस्तकांवर भेटले असतील. काश्मिरी पंडितांनी तर मूळ फार्सी 'फ' जपून ठेवला. त्यांच्यात फोतेदार हे आडनाव आहे. बंगालीत पोद्दार म्हणजे नाणेवट करणारा, आणि तेथे 'दुसऱ्याच्या धनावर पोद्दारी' अशी म्हण आहे. आपण ज्याला हलवायाच्या घरावर तुळशीपत्र म्हणतो तोच भाव. दिवसभर परक्याचे पैसे हाताळणाऱ्याकडे लोक कोणत्या नजरेने पाहत, हे त्या म्हणीत आले आहे. आमच्या पोद्दाराच्या घरच्या रोकडवहीत तर शब्दाचा मूळ अर्थच जिवंत होता. जुन्या महाजनी पद्धतीत दिवसअखेर हाती उरलेली रोकड 'श्री पोते बाकी' म्हणून लिहीत. ती वही मी लहानपणी अनेकदा पाहिली होती. धान्याचा व्यापारी, तेव्हा पोती मोजून ठेवत असतील, अशी माझी समजूत!

आता गुरुजींच्या 'अर्धे बरोबर' या शब्दांकडे वळू. गोणी या अर्थाचे मराठी 'पोते' आणि खजिना या अर्थाचे 'पोते' यांचा संबंध काय? संस्कृतात 'पोत' म्हणजे वस्त्र असा एक अर्थ कोशांत आहे, प्राकृतात 'पोत्त' म्हणजे कापड. आपण आजही कापडाचा पोत पाहतो. दुसऱ्या बाजूला फार्सी 'फोता'च्या मागे अरबी 'फूता' हा शब्द उभा आहे; त्याचा अर्थ कमरेला गुंडाळायचे जाडेभरडे वस्त्र. आणि गंमत अशी, की जुन्या अरबी कोशकारांनी या फूत्याविषयी लिहिले आहे, हे वस्त्र सिंधमधून येते. म्हणजे शब्द त्यांना परका वाटत होता. आपल्याकडचे कापड समुद्रमार्गे अरबांकडे गेले, कापडाबरोबर त्याचे नाव गेले, तेथे कापडाची थैली झाली, थैलीचा खजिना झाला, आणि खजिना होऊन तो शब्द दिल्लीच्या वाटेने पुन्हा आपल्या दारी आला, असे मानण्यास चांगला आधार आहे. तो मराठीत आला तेव्हा त्याची घरी राहिलेली भावंडे, पोत आणि पोते, येथे होतीच. त्यांच्या सहवासात 'फ'चा 'प' झाला असावा, हे माझे मघाचे अनुमान. ते माझे आहे. कोणी अधिक चांगले दिल्यास मी ते आनंदाने घेईन.

उज्जैनच्या माणसाला या प्रवासाचे नवल वाटू नये. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीकभाषी व्यापाऱ्याने लिहिलेल्या 'पेरिप्लस' या प्रवासपुस्तिकेत ओझेनी नावाच्या नगराचा उल्लेख आहे. ओझेनी म्हणजे आपली उज्जयिनी. तेथून भडोच बंदराकडे अकीक, मलमल आणि पुष्कळसे साधे, जाडेभरडे कापड येते, असे तो सांगतो. त्याच ठिकाणी तो हेही नोंदवतो, की रोमन सोन्याचांदीची नाणी भडोचला देशी नाण्यांशी बदलली असता नफा होतो. आता हा नफा होतो हे ठरवायला कोणीतरी दोन्ही नाणी हातात घेऊन पाहिली असणार. त्या माणसाला तेव्हा पोतदार म्हणत नव्हते, एवढेच.

काय म्हणत असतील? कौटिल्याच्या अर्थशास्त्रात 'रूपदर्शक' आहे, रूप म्हणजे नाणे पाहणारा. नाण्याच्या तपासणीचे शुल्क शेकडा एक अष्टमांश, असेही तेथे दिलेले आहे. पतंजलीच्या महाभाष्यात कार्षापण निरखून पाहणारा 'रूपतर्क' येतो. गुजरातेतला पारेख आणि आपला पारखी 'परीक्षक' या संस्कृत शब्दातून निघालेले, सराफ अरबीतून, पोतदार फार्सीतून. गोपाळमंदिरापासून पटनी बाजाराकडे चालत गेलात तर या नावांच्या पाट्या अजूनही शेजारी शेजारी दिसतील. एकाच कामाला प्रत्येक राजवटीने आपल्या भाषेतले नाव दिले, आणि काम संपल्यावर नावे आडनावे होऊन राहिली.

काम कसे संपले ते थोडक्यात सांगतो, कारण त्यात सांगण्यासारखे फारसे नाही. १८३५ साली कंपनी सरकारने आपल्या मुलखासाठी एका वजनाचा, एका कसाचा रुपया काढला. संस्थानांतून जुन्या टांकसाळी त्यानंतरही बरीच वर्षे चालल्या. पण यंत्रात पडलेला, कडेला दाते असलेला रुपया जसजसा पसरला तसतसे दगडावर नाणे वाजवण्याचे कारण उरले नाही. सोनाराकडे सोने राहिले, पोतनिसाकडे आडनाव.

गेल्या दिवाळीत मी सराफ्यात त्या मित्राकडे गेलो होतो. त्याचा नातू आता दुकान पाहतो. सोन्याचा कस मोजायचे यंत्र घेतले आहे. दागिना आत ठेवला की पडद्यावर आकडा येतो. कसोटी काचेच्या कपाटात आहे. मी तिच्याकडे पाहतो आहे असे पाहून मित्र म्हणाला, "यंत्रात घातलेला प्रत्येक नग मी आधी हिच्यावर घासतो. पोरगा हसतो." मग त्याने विचारले, "तुझ्या आजोळी काय उरले रे, पोतनीसांकडे?"

मी म्हटले, "एक पितळी दौत आहे. आणि ठोकून ठोकून खिळखिळी झालेली भिंत."